नियम नाचणारीला की बघणाऱ्याला?

यंदाच्या ८ मार्चला भाषणं कमी करायची आणि वस्तीतल्या बायकांनी रात्री एकत्र जमून मनसोक्त नाचायचं, असं आम्ही ठरवलं होतं. झिम्मा, फुगडी, लेझीम, सिनेमाची गाणी, जिला जे येईल ते. सभागृह ठरवायला गेलो तर तिथल्या व्यवस्थापकांनी तीन अटी सांगितल्या. कार्यक्रम साडेनऊला संपला पाहिजे. पोशाख 'शालीन' असला पाहिजे. आणि सभागृहातले कॅमेरे चालू राहतील, 'तुमच्याच सुरक्षिततेसाठी'. ते चित्रण कोण बघतं, किती दिवस ठेवतात, या प्रश्नांना उत्तर मिळालं नाही.

या अटींवर आमच्या बैठकीत चर्चा चालू असताना एक तरुण कार्यकर्ती म्हणाली, "माझी मावसबहीण बर्लिनला शिकते. तिथे असे नाचाचे क्लब आहेत की आत जाताना मोबाइलच्या कॅमेऱ्यावर चिकटपट्टी लावतात. आत कुणी साधे कपडे घालून नाचतं, कुणी अंगावर काहीच न ठेवता. पार उजाडेपर्यंत. ती म्हणते, मला आपल्या लोकलपेक्षा तिथे कमी भीती वाटते." आधी सगळ्या हसल्या, मग वाद पेटला. एक ज्येष्ठ मैत्रीण चिडून म्हणाली, "आपल्या वस्तीत बाईला रात्री संडासला एकटीनं जाता येत नाही, आणि तुम्हाला नागडं नाचायचं सुचतंय!"

तिचा संताप खरा आहे. पण तिच्या वाक्यातच या विषयाचं आपल्याशी असलेलं नातंही आहे. रात्री संडासला जाणारी बाई डोक्यापासून पायापर्यंत साडीत असते, तरी तिच्या पोटात भीती असते. दुसरीकडे एक मुलगी सांगते की विवस्त्र माणसांच्या गर्दीत तिला भीती वाटली नाही. मग आपली भीती कपड्यांवर ठरत नसेल तर कशावर ठरते? हा प्रश्न आपल्या रोजच्या कामातला आहे. म्हणून या अंकाचं संपादकीय या जरा अवघड वाटणाऱ्या विषयावर.

आधी थोडी माहिती घेऊ. जर्मनीत एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीला कारखान्यांची शहरं वाढली. कोंदट खोल्या, क्षयरोग, मुडदूस, बायकांच्या कमरेला आवळलेले कॉर्सेट, या सगळ्याविरुद्ध जी आरोग्यसुधारणेची चळवळ उभी राहिली, तिच्यातूनच उघड्या अंगानं ऊन, वारा, पाणी घेण्याची प्रथा निघाली. तिला तिकडे 'एफकेके' म्हणतात. मुक्त शरीराची संस्कृती असा त्या अक्षरांचा अर्थ. इतरत्र 'नेचरिझम' हा शब्द रूढ आहे. या लोकांचं म्हणणं सरळ आहे: नग्न असणं आणि लैंगिक असणं या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. आंघोळ करणारं मूल, अंगावर पाजणारी आई, शवागारातलं प्रेत, यांच्या नग्नतेत लैंगिक काही नसतं. तसंच पोहणाऱ्या, व्यायाम करणाऱ्या, नाचणाऱ्या प्रौढ माणसाच्याही नग्नतेत ते असायलाच हवं असं नाही.

ही केवळ श्रीमंतांची हौस नव्हती. १९२० च्या दशकात बर्लिनमध्ये आडोल्फ कॉख नावाच्या समाजवादी शिक्षकानं कामगारांसाठी अशा व्यायामशाळा चालवल्या. कामगार बायका-पुरुष तिथे एकत्र, विवस्त्र व्यायाम करत. मार्च १९३३ मध्ये नाझी सरकारनं या चळवळीविरुद्ध फर्मान काढलं आणि कॉखच्या शाळा बंद पडल्या. पुढे त्याच राजवटीत 'शुद्ध वंशाच्या सुदृढ देहा'चं कौतुक म्हणून नग्नतेचा वेगळ्या अर्थानं उदोउदो झाला. हे लक्षात ठेवायला हवं. उघडं शरीर आपोआप पुरोगामी होत नाही. ते कुणाच्या हातात आहे, यावर सगळं ठरतं.

दुसऱ्या महायुद्धानंतर पूर्व जर्मनीच्या बाल्टिक किनाऱ्यावर लोक पुन्हा विवस्त्र पोहू लागले. तिथल्या सरकारनं १९५४ च्या सुमारास बंदी घालून पाहिली. लोकांनी जुमानलं नाही, आणि १९५६ मध्ये नियम करून परवानगी द्यावी लागली. पुढची तीन दशकं आया, आज्या, कारखान्यातल्या मैत्रिणी, शेजारी-पाजारी सगळे तिथे एकत्र पोहत. मग १९९० मध्ये दोन्ही जर्मनी एक झाल्या. पश्चिमेकडून पर्यटक आले. पोहायचा पोशाख घालून, वाळूवर बसून ते या बायकांकडे बघू लागले. तक्रारी सुरू झाल्या, आणि हळूहळू विवस्त्र पोहण्याच्या जागा आकसत गेल्या. ज्यांना आयुष्यभर काही वाटलं नव्हतं, अशा बायका अंगाभोवती टॉवेल ओढू लागल्या.

मैत्रिणींनो, या घटनेवर जरा थांबू या. समुद्र तोच, वाळू तीच, बाईचं शरीरही तेच. बदलली फक्त नजर. ज्या शरीराला काल कुणी 'बघत' नव्हतं, ते आज बघण्याची वस्तू झालं, आणि लाज मात्र बघणाऱ्याला न वाटता जिच्याकडे बघितलं गेलं तिला वाटली. आपल्या गोव्यातही याचं एक रूप आपण पाहिलं आहे. १९६० च्या दशकाच्या अखेरीपासून हणजुणच्या किनाऱ्यावर परदेशी हिप्पी विवस्त्र वावरू लागले, आणि मग त्यांना 'बघायला' देशी पुरुषांच्या बसच्या बस येऊ लागल्या. पण गोव्यात आणखी एक गोष्ट घडली, जी बाल्टिकला नव्हती. गाव दुसऱ्याचं होतं. तिथल्या कोळणींना, शेतकरणींना कुणी विचारलं नव्हतं, आणि त्या बघ्यांच्या झुंडी त्यांच्या वाटेवरून जात होत्या. एकीचं स्वातंत्र्य दुसरीच्या दारात जाच होऊन उभं राहू शकतं, हेही या विषयाचं अंग आहे.

आता रात्रीच्या नाचाबद्दल. 'अंडरग्राउंड' क्लब म्हणजे काहीतरी चोरटं, असा आपला समज असतो. या जागा आडोशाला गेल्या त्या बहुतेकदा उघड्यावर शिक्षा होत होती म्हणून. न्यूयॉर्कमध्ये पुरुषानं पुरुषाबरोबर नाचणं पोलिसांच्या धाडीला निमंत्रण देणारं होतं, तेव्हा १९७० मध्ये डेव्हिड मॅन्क्यूसो यानं आपल्या राहत्या जागेत, दारू न विकता, निमंत्रितांसाठी 'द लॉफ्ट' नावाचा नाच सुरू केला. तिथे येणाऱ्यांत काळे, लॅटिन, समलिंगी लोक मोठ्या संख्येनं होते. बर्लिनमध्ये १९८९ ला भिंत पडल्यावर पूर्वेकडच्या ओसाड इमारतींत तरुण मंडळी घुसली. १९९१ मध्ये एका जुन्या भांडाराच्या तळघरातल्या तिजोरीच्या खोल्यांत 'ट्रेझोर' उघडला. २००४ मध्ये जुन्या वीजकेंद्राच्या इमारतीत 'बेर्गहाइन' सुरू झाला. मार्च २०२४ मध्ये बर्लिनच्या टेक्नो संगीताच्या संस्कृतीची नोंद युनेस्कोच्या कराराखाली ठेवल्या जाणाऱ्या जर्मनीच्या अमूर्त वारशाच्या राष्ट्रीय सूचीत झाली. विवस्त्र पोहण्याची जुनी सवय आणि रात्रभर नाचण्याची ही नवी सवय एकाच शहरात एकमेकींना भेटल्या. त्यामुळे तिथल्या नाचाच्या जागेत कुणी शर्ट काढला, कुणी सगळंच काढलं, तरी गर्दी वळून बघत नाही. लैंगिक मोकळीक हाच उद्देश असलेले क्लबही तिथे आहेत आणि ते तसं उघड सांगतात. त्यांचा विषय वेगळा आहे. आपण बोलतोय ते जिथे नाच हाच नाच असतो, त्या जागांबद्दल. तिथल्या काही सार्वजनिक तरणतलावांतल्या विवस्त्र पोहण्याच्या संध्याकाळी आणि रात्री उशिरापर्यंत चालणारे स्त्री-पुरुषांचे एकत्र सॉना याच जातीचे.

या जागा चालतात कशा? सदिच्छेवर चालत नाहीत. नियमांवर चालतात. फोटो काढायचा नाही. न विचारता हात लावायचा नाही. टक लावून बघायचं नाही. बसायचं तर स्वतःचा टॉवेल खाली घ्यायचा. लैंगिक चाळे करायचे नाहीत. जो मोडेल तो बाहेर. अनेक क्लबांत आता खास ओळखपट्टी लावलेले कार्यकर्ते फिरत असतात. कुणी त्रास दिला, कुणाच्या पेल्यात काही मिसळल्याचा संशय आला, तर त्यांच्याकडे जायचं. २०१६ मध्ये जर्मनीतल्या म्युन्स्टर शहरात स्त्रियांच्या मदतकेंद्रानं एक युक्ती काढली: बारमधल्या कर्मचाऱ्याला 'लुइसा इथे आहे का?' एवढंच विचारायचं, की तो काही न विचारता बाईला सुरक्षित बाहेर काढेल. त्याच वर्षी जर्मनीचा कायदाही बदलला. त्याआधी बलात्कार सिद्ध करायला बळाचा वापर, धमकी किंवा बाईची असहायता दाखवावी लागे. २०१६ पासून तिचा स्पष्ट नकार पुरेसा झाला, आणि गर्दीत अंगचटीला येणं हाही स्वतंत्र गुन्हा ठरला.

या नियमांची यादी आणि आमच्या सभागृहाच्या अटींची यादी शेजारी शेजारी ठेवून बघा. तिकडचा जवळजवळ प्रत्येक नियम बघणाऱ्याला बांधतो: त्याचे डोळे, त्याचा हात, त्याचा कॅमेरा. आपल्याकडची प्रत्येक अट नाचणारीला बांधते: तिची वेळ, तिचा पदर, तिची हालचाल. तिकडे सुरक्षिततेसाठी कॅमेरा झाकतात. इकडे सुरक्षिततेसाठी कॅमेरा चालू ठेवतात.

म्हणून काही तिकडे स्वर्ग उतरलेला नाही. मोठ्या क्लबांच्या दारात कुणाला आत घ्यायचं हे एक दांडगा माणूस चेहरा बघून ठरवतो, आणि गोऱ्या नसलेल्यांना परतवल्याच्या तक्रारी होतात. तिकिटं महाग आहेत. अमली पदार्थांचा सुळसुळाट आहे. पहाटे ती जागा धुऊनपुसून काढणारी बाई बहुधा स्थलांतरित असते, आणि तिच्या रात्रीचं कौतुक कुणी करत नाही. बाजारानं तर 'एफकेके' ही अक्षरंच पळवली: जर्मनीत आज 'एफकेके क्लब' अशी पाटी असलेल्या कितीतरी जागा म्हणजे सरळ वेश्यागृहं आहेत. शरीराच्या मोकळेपणासाठी शोधलेला शब्द शरीर विकण्याच्या धंद्याची पाटी झाला. समतेचं कामही अपुरंच आहे. बर्लिनच्या सार्वजनिक तलावांत पुरुषांसारखंच बाईलाही छाती न झाकता पोहता येईल, हे अधिकृतपणे मान्य व्हायला २०२३ साल उजाडावं लागलं, तेही एका बाईनं भेदभावाची तक्रार केल्यावर.

आता आपल्या घराकडे वळू. नग्नतेचा विचार पश्चिमेकडून आलेली घाण आहे, असं म्हणणाऱ्यांना एक गंमत सांगावीशी वाटते. जगातला नोंद असलेला पहिला नेचरिस्ट संघ १८९१ मध्ये आपल्या ठाण्यात निघाला. चार्ल्स क्रॉफर्ड हा तिथला इंग्रज जिल्हा न्यायाधीश त्याचा संस्थापक. संघाचे एकूण सभासद तीन, तिघेही गोरे पुरुष. त्याच १८९१ मध्ये संमतिवयाचा कायदा झाला, आणि मुलीचं वय दहावरून बारा करायचं की नाही यावर आपल्याकडचे पुढारी एकमेकांवर तुटून पडले होते. एका न्यायाधीशाला शरीर मोकळं करण्याची चैन परवडत होती. त्याच जिल्ह्यातल्या दहा वर्षांच्या मुलीला स्वतःच्या शरीरावर नाही म्हणण्याचाही हक्क नव्हता. शरीराचं स्वातंत्र्य म्हणताना हे दोन्ही चित्रं आपल्या डोळ्यांसमोर एकत्र असायला हवीत.

पुढे र. धों. कर्वे यांनी १९२७ मध्ये 'समाजस्वास्थ्य' सुरू केलं. नग्नता म्हणजे अश्लीलता नव्हे, हे ते आयुष्यभर सांगत राहिले आणि मुखपृष्ठावर विवस्त्र स्त्रीची चित्रं छापत राहिले. त्यांच्यावर खटले झाले. १९३४ च्या खटल्यात डॉ. बाबासाहेब आंबेडकर त्यांच्या बाजूनं उभे राहिले. कर्व्यांचं ऋण आपल्यावर मोठं आहे. तरीही आज ती मुखपृष्ठं पाहताना वाटतं, चित्र बाईचं आणि डोळा कुणाचा, हा प्रश्न तेव्हाही शिल्लक राहिला होता.

तो प्रश्न २००५ मध्ये आपल्या अंगावर आला. महाराष्ट्र सरकारनं डान्स बारवर बंदी घातली. त्या नाचणाऱ्या मुली विवस्त्र नव्हत्या. साडी नाही तर घागरा-चोळीत असत. तरी त्या अश्लील ठरल्या. तीन तारांकित आणि त्यावरच्या हॉटेलांना मात्र कायद्यातून सूट होती. म्हणजे तोच नाच महाग काचेच्या आत संस्कृती, आणि बाहेर विकृती! सुमारे ७५ हजार बायकांचा रोजगार गेला, असा आकडा न्यायालयातही मांडला गेला. एसएनडीटी विद्यापीठाचं स्त्री अभ्यास केंद्र आणि नारी अत्याचार विरोधी मंच यांनी या बायकांमध्ये जाऊन पाहणी केली, तेव्हा अनेकींच्या कमाईवर अख्खं घर चालत असल्याचं पुढे आलं. आपल्या चळवळीतही तेव्हा दोन तट पडले होते, हे प्रामाणिकपणे मान्य करू. उच्च न्यायालयानं २००६ मध्ये आणि सर्वोच्च न्यायालयानं २०१३ मध्ये बंदी रद्द ठरवली. २०१६ मध्ये सरकारनं नवा कायदा आणला. त्यात नाचण्याच्या जागेत कॅमेरे सक्तीचे केले. जानेवारी २०१९ मध्ये सर्वोच्च न्यायालयानं ही कॅमेऱ्यांची सक्ती रद्द केली, कारण ती खासगीपणाच्या हक्कावर घाला घालणारी होती. आमच्या सभागृहाच्या व्यवस्थापकांना आम्ही हे सांगितलं. ते म्हणाले, "ते बारचं झालं, तुम्ही तर घरंदाज बायका!" घरंदाज बाईला खासगीपणा कमी लागतो, असं बहुधा त्यांना म्हणायचं असावं.

आणि आपल्या ज्येष्ठ मैत्रिणीच्या संतापामागे जे आहे, तेही बोलायला हवं. या देशात दलित, आदिवासी बाईसाठी नग्नता ही निवड म्हणून कधी आलीच नाही. ती शिक्षा म्हणून आली. २००६ चं खैरलांजी आपल्याच महाराष्ट्रातलं. २०२३ मध्ये मणिपूरच्या दोन स्त्रियांच्या धिंडीचं चित्रण सगळ्या देशानं मोबाइलवर पाहिलं. जिच्या समाजाला अंगभर कपड्यासाठी लढावं लागलं, तिला 'कपडे टाकण्यात मुक्ती आहे' असं सांगणं हा उद्धटपणा आहे. कपडा उतरवण्यात मुक्ती नाही आणि घालण्यातही नाही. उतरवायचा की घालायचा हे तिनं ठरवणं, आणि तिनं काहीही ठरवलं तरी तिच्या अंगाला कुणी हात न लावणं, एवढीच आपली मागणी आहे. ती एकाच वेळी बुरख्यातल्या बाईची आहे, धिंड काढली गेलेल्या बाईची आहे आणि बर्लिनच्या तळघरात नाचणाऱ्या मुलीचीही आहे.

रात्रीचा आणि नाचाचा आपला स्वतःचाही वारसा आहे. मंगळागौरीला बायका रात्र जागवत, पदर खोचून पहाटेपर्यंत खेळत. पुरुषांना तिथे प्रवेश नसे. त्या एका रात्री कुणी त्यांना 'आवाज खाली' म्हणत नसे. पण ती रात्र काही जातींच्या घरांपुरती आणि नव्या सवाष्णीच्या मानाची होती. त्याच घरातली विधवा आत्या माजघरात अंधारात बसून असे. जव्हार-डहाणूकडे वारली बायका-पुरुष कमरेला हात घालून तारप्याभोवती रात्रभर फेर धरतात. तिथे बाईला फेरात शिरायला कुणाचा मान लागत नाही. आपल्याला बर्लिनची नक्कल करायची गरज नाही. मंगळागौरीची रात्र घ्यायची आणि तिचं दार सगळ्यांना उघडायचं, इतकं केलं तरी पुष्कळ.

शेवटी आम्ही ते सभागृह सोडलं. एका मैत्रिणीच्या चाळीच्या गच्चीवर, चाळकऱ्यांशी रीतसर बोलून, कार्यक्रम केला. नियम आम्हीच बायकांनी बसून लिहिले आणि जिन्याच्या दाराशी लावले. मोबाइल टोपलीत ठेवायचा. कुणाचा फोटो काढायचा नाही. हात धरून ओढायचं नाही. विचारायचं, ती 'नको' म्हणाली तर पुन्हा विचारायचं नाही. कोण काय घालून आलंय यावर बोलायचं नाही. विधवा, एकटी, सोडून दिलेली, तृतीयपंथी, सगळ्यांना आत जागा. कुणाला त्रास झाला तर पिवळी ओढणी बांधलेल्या दोघींकडे जायचं. घरी जाताना गटानं जायचं. गाणी रात्री दहाला बंद केली, कारण त्यापुढे मोठा आवाज लावायला मनाई आहे आणि चाळीत परीक्षेची मुलं होती. पण फुगडीला गाणं लागत नाही. दीड वाजेपर्यंत बायका खेळत होत्या. कुणीही कपडे काढले नाहीत, पण साठीच्या एका बाईनं डोक्यावरचा पदर काढून कमरेला खोचला आणि म्हणाली, "लग्नानंतर पहिल्यांदा." आमच्या ज्येष्ठ मैत्रिणीनं तिच्याबरोबर फुगडी घातली.

संडासचा रस्ता अजून अंधाराच आहे. त्याचा अर्ज महापालिकेत पडून आहे आणि आम्ही त्याचा पाठपुरावा करतच आहोत. पण त्या अर्जातली भाषा आम्ही या चर्चेनंतर बदलली. 'महिलांनी रात्री सुरक्षितपणे बाहेर पडावे यासाठी' असं आधी लिहिलं होतं. आता रस्त्यावर दिवे हवेत, संडासाच्या दारांना आतून कड्या हव्यात, आणि कोपऱ्यावर बसून टेहळणी करणाऱ्यांवर कारवाई हवी, असं कलमवार लिहिलं आहे. चोरून बघणं आणि चित्रण करणं हा २०१३ पासून स्वतंत्र गुन्हा आहे. भारतीय न्याय संहितेत तो कलम ७७ खाली येतो. बाईनं चित्रणाला हो म्हटलं असलं, पण ते पसरवायला नाही, तर पसरवणारा तिथेही गुन्हेगारच ठरतो. हे कलम आपल्या प्रत्येक गटाला तोंडपाठ हवं.

तुमच्या गावात, वस्तीत, वसतिगृहात, कामाच्या ठिकाणी बायकांसाठी कोणकोणते नियम लावले आहेत, त्यांची एक यादी करा. प्रत्येक नियमापुढे लिहा: हा कुणाला बांधतो? तिला, की तिच्याकडे बघणाऱ्याला? गटात वाचा, भांडा, आणि आम्हाला लिहून पाठवा. आमच्या भूमिकेशी तुमचा मतभेद असला तर तेही लिहा. पुढच्या अंकात जागा राखून ठेवली आहे.

— संपादक मंडळाच्या वतीनं